जागा होतो की जागा केला जातो?
गोदावरी परुळेकर यांच्या ‘जेव्हा माणूस जागा होतो’ या पुस्तकाचे पुनर्वाचन

आमच्या धर्मग्रामात पावसाळ्याच्या दिवसांत एक लहानसे वाचनमंडळ भरते. आंब्याची कामे संपलेली असतात, भाताची लावणी उरकलेली असते आणि रविवारच्या मिस्सेनंतर दहा-बारा माणसे तासभर बसू शकतात. गेल्या पावसाळ्यात आम्ही या मंडळापुढे ‘जेव्हा माणूस जागा होतो’ हे पुस्तक ठेवले, तेव्हा एका वयोवृद्ध धर्मबंधूंनी मुखपृष्ठावरचे नाव वाचून आम्हांला सरळ विचारले, “फादर, ही कम्युनिस्ट बाई. हिचं पुस्तक देवळाच्या आवारात कशाला?” प्रश्न प्रामाणिक होता. आम्ही त्या वेळी काहीतरी गुळमुळीत बोलून वेळ मारून नेली आणि घरी आल्यावर त्याची लाज वाटली. पुढील लेख हे त्या प्रश्नाचे उशिरा दिलेले उत्तर आहे.

प्रथम लेखिकेविषयी. गोदावरी परुळेकर, माहेरच्या गोखले, यांचा जन्म १९०७ साली पुण्यात झाला. महाराष्ट्रातील कायद्याच्या पहिल्या स्त्री पदवीधर म्हणून त्यांचे नाव घेतले जाते. भारत सेवक समाजाच्या पहिल्या स्त्री आजीव सदस्यही त्याच. अशा सुखवस्तू, सुशिक्षित घरातील स्त्रीने १९३९ साली शामराव परुळेकरांशी विवाह केला, कम्युनिस्ट पक्षात प्रवेश केला आणि १९४५ पासून त्या वेळच्या ठाणे जिल्ह्यातील उंबरगाव व डहाणू तालुक्यांत वारली आदिवासींच्या पाड्यांवर वस्ती केली. त्या अनुभवाचे हे कथन १९७० साली, म्हणजे घटनांनंतर पाव शतकाने, प्रसिद्ध झाले. १९७२ साली त्याला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. लेखिका १९९६ साली निवर्तल्या. ज्या भूमीची ही कथा आहे ती आता बहुतांशी पालघर जिल्ह्यात मोडते. हा जिल्हा २०१४ साली वेगळा झाला.

पुस्तकातील मूळ दुखणे समजून घेतल्याशिवाय पुस्तकाची योग्यता कळणार नाही. वारली हा जंगलाचा आणि जमिनीचा मालक होता. इंग्रजी अमदानीत जंगले राखीव झाली, सारा रोखीने भरण्याची सक्ती आली आणि रोख पैसा सावकाराकडेच होता. मालकाचा कूळ झाला आणि कुळाचा वेठबिगार. पावसाळ्यात पोटाला दाणा नसे, म्हणून जमीनदाराकडून ‘खावटी’ घ्यायची आणि पीक आल्यावर ती दामदुपटीने फेडायची. त्याशिवाय जमीनदाराच्या शेतावर, त्याच्या घरी, त्याच्या गाडीपुढे फुकट राबायचे, ही वेठ. नाही म्हणणाऱ्याला झाडाला बांधून फटके मारीत. बायकांची अब्रू सुरक्षित नव्हती. ही कम्युनिस्टांनी रचलेली कहाणी नव्हे. मुंबई सरकारने नेमलेले सिमिंग्टन नावाचे इंग्रज सनदी अधिकारी या भागात हिंडले होते आणि १९३०च्या दशकाच्या अखेरीस त्यांनी दिलेल्या अहवालातही हेच चित्र आहे. अहवाल सरकारी दप्तरात राहिला, वेठ पाड्यावर राहिली.

या सर्वांत आमच्या मनाला सर्वांत अधिक लागलेला शब्द आहे ‘लग्नगडी’. वारली तरुणाला लग्न करायचे तर थोडे पैसे लागत. ते जमीनदार देई आणि त्याच्या मोबदल्यात तो तरुण जन्माचा गडी होई. बहुधा त्याची बायकोही त्याच्याबरोबर राबे, आणि कर्ज फिटल्याचे कोणी कधी पाहिले नाही. वाचकांनी येथे क्षणभर थांबावे. वारली समाजात लग्न लावते ती ‘धवलेरी’, म्हणजे एक स्त्री. सवाशिणी घराच्या भिंतीवर तांदळाच्या पिठाने चौक लिहितात, त्या चौकात पालघट देवीची स्थापना होते आणि मग लग्न लागते. आज दिवाणखान्याची शोभा म्हणून जी वारली चित्रे आपण विकत घेतो, त्यांचे मूळ या मंगल चौकात आहे. म्हणजे त्या समाजाच्या जीवनातील जो सर्वांत पवित्र क्षण, नेमक्या त्याच दारातून गुलामी घरात शिरत होती. ज्यांच्या धर्मात विवाह हे संस्कारांपैकी एक आहे, त्या आपल्याला या शब्दाचा अर्थ दुसऱ्या कोणी समजावून सांगण्याची गरज नसावी.

आता घटनाक्रम थोडक्यात. जानेवारी १९४५ मध्ये कल्याणजवळ टिटवाळा येथे महाराष्ट्रातील शेतकऱ्यांची परिषद भरली आणि किसान सभा स्थापन झाली. उंबरगावकडून आलेल्या मूठभर वारल्यांत माह्या धांगडा होता. त्याने तेथे आपल्या लोकांची दैना सांगितली. त्यानंतर परुळेकर दांपत्याचे पाय उंबरगावकडे वळले. २३ मे १९४५ रोजी झरी या गावी हजारो आदिवासी जमले आणि ठरले की यापुढे वेठ करायची नाही, दिवसाला बारा आणे मजुरी मिळाल्याशिवाय जमीनदाराच्या शेतावर जायचे नाही, मारहाण सोसायची नाही आणि फुटायचे नाही. बघता बघता वेठ थांबली. जमीनदारांच्या दारात जाऊन लग्नगड्यांना मोकळे करण्यात आले. गवतकापणीच्या हंगामात पाचशे पौंड गवताला अडीच रुपये दर मागून संप झाला. १० ऑक्टोबर १९४५ रोजी तलवाडा येथे जमलेल्या आदिवासींवर पोलिसांनी गोळीबार केला. जेठ्या गांगड आणि आणखी चौघे मृत्यू पावले. सारी मागणी काय होती? गवताला अडीच रुपये. पाच माणसांच्या रक्तापुढे ही रक्कम ठेवून पाहिली म्हणजे त्या काळी वारल्याच्या जिवाची किंमत किती धरली जात होती हे उमगते.

हे सर्व पुस्तकात आहे. परंतु इतिहासाच्या पुस्तकातही ते सापडेल. साहित्य म्हणून या कथनाचे मोल कशात आहे, हा आमच्यासारख्या वाचकाचा प्रश्न.

आमच्या मते पहिले मोल भाषेच्या संयमात आहे. विषय असा आहे की कोणाही लेखकाची लेखणी भडकावी. गोदावरीबाईंची वाक्ये साधी, सरळ, काहीशी कोरडीही आहेत. वकिलाच्या शिक्षणाचा हा परिणाम असेल. साक्षीदाराने कोर्टात सांगावे तसे त्या सांगतात: कोण, कोठे, काय झाले. पाड्यांची नावे येतात, माणसांची नावे येतात. ‘आदिवासी’ ही एक अमूर्त दयनीय वस्तू न राहता तो नावागावाचा माणूस होतो. आम्ही वर्षानुवर्षे प्रवचने करीत आलो आहोत आणि ‘गोरगरीब’ हा शब्द आम्ही किती वेळा उच्चारला असेल याची गणती नाही. पण त्या शब्दामागे एकाचे तरी नाव होते काय, असा प्रश्न हे पुस्तक वाचताना आम्हांला पडला.

दुसरे मोल लेखिकेच्या वागण्यात आहे आणि ते लेखनात उतरले आहे. पायी हिंडणे, मिळेल ते खाणे, पाड्यावरच्या झोपडीत रात्र काढणे, हे त्या मिरवीत नाहीत. ज्यांना परक्या माणसाकडून केवळ फटका किंवा हुकूमच मिळाला, ते नव्या माणसाजवळ बोलणार कसे? हा अबोला फोडायला भाषण उपयोगी पडत नाही, सहवास लागतो. आपल्या श्रद्धेचा गाभाच हा की देवाने दुरून संदेश धाडून भागवले नाही, तो आपल्यांत येऊन राहिला. देव न मानणाऱ्या स्त्रीच्या पुस्तकात देहधारणेच्या रहस्याची ही छाया पाहून आम्ही अंतर्मुख झालो.

तरीही हे पुस्तक निर्दोष आहे असे आम्ही म्हणणार नाही. स्तुतिपाठ म्हणजे टीका नव्हे.

शीर्षकच घ्या. ‘जेव्हा माणूस जागा होतो.’ यातील क्रियापद अकर्मक आहे. माणूस जागा होतो. त्याला कोणी जागा ‘करतो’ असे येथे म्हटलेले नाही. मराठी व्याकरणाने दिलेली ही फार मोठी देणगी आहे आणि लेखिकेने ती जाणून घेतली आहे. परंतु आतल्या पानांत हे व्याकरण नेहमी टिकते काय? अनेक ठिकाणी निवेदन ‘आम्ही’ सांगितले, ‘आम्ही’ समजावले, मग त्यांना कळले, या वळणाने जाते. बाहेरून आलेला पक्ष हा कर्ता आणि आदिवासी हे कर्म. शिवाय जागा होणे म्हणजे आधी झोपलेले असणे. वारली झोपलेला होता काय? जो शतकभर मार खाऊनही आपली भाषा, आपला चौक, आपला तारपा आणि आपली धवलेरी सांभाळून राहिला, तो झोपलेला नव्हता. त्याला आपले दुःख माहीत होते. ते सांगितल्यावर ऐकणारा कोणी नव्हता. झोपेत असलाच तर तो ऐकणारा समाज होता, आणि त्यात पुण्या-मुंबईचे, वसईचे, रत्नागिरीचे आपण सर्व आलो.

याला जोडून दुसरा दोष. वारल्यांचा देवधर्म, सण, नाच, त्यांची मरणाविषयीची आणि निसर्गाविषयीची समज, हे सारे या कथनाच्या कडेला राहते. लढ्याला जेवढे उपयोगी तेवढे आत येते. माणूस भाकरीसाठी लढतो हे खरे. परंतु तो भाकरीपुरता नसतो. ज्या स्रोतातून या माणसांनी इतकी वर्षे धीर मिळवला त्या स्रोताकडे लेखिकेचे लक्ष पुरेसे गेले नाही असे आम्हांला वाटते. येथे तिच्या विचारसरणीने तिच्या डोळ्यांवर हात ठेवला आहे. मात्र हे लिहिताना आमचा स्वतःचा हात थबकतो. कारण मिशनरी म्हणून आपली माणसे जेथे जेथे आदिवासींत गेली, तेथे तेथे त्यांच्या देवधर्माकडे आपण तरी आदराने पाहिले काय? एकाने त्यास ‘मागासलेपण’ म्हटले, दुसऱ्याने ‘अंधार’. ऐकणाऱ्या वारल्याला त्यात फारसा फरक वाटला नसेल.

या संदर्भात वाहरू सोनवणे या भिल्ल कवीची आठवण होते. शहादा भागातील चळवळीत वाढलेला हा कवी. त्याचा ‘गोधड’ हा संग्रह १९८७ साली निघाला. त्याची ‘स्टेज’ नावाची कविता प्रसिद्ध आहे. आदिवासींचे दुःख आदिवासींनाच समजावून सांगायला इतर लोक व्यासपीठावर चढतात आणि ज्याचे दुःख तो खालीच बसून राहतो, ही तिची व्यथा. ही कविता आणि गोदावरीबाईंचे पुस्तक शेजारी ठेवून वाचावे. कविता पुस्तकाला खोटे पाडीत नाही; पण पुस्तकाने जो प्रश्न अर्धवट सोडला तो ती पुरा विचारते. टिटवाळ्याला माह्या धांगडा बोलला होता. पुढे पुस्तक लिहिण्याची वेळ आली तेव्हा लेखणी मात्र दुसऱ्याच्या हाती होती. माह्याला अक्षर येऊ दिले गेले नव्हते, हेच त्याचे कारण. आणि हे पुस्तक ज्या अन्यायाविरुद्ध आहे त्याच अन्यायाचा हा भाग आहे. म्हणून हा दोष लेखिकेच्या पदरी घालताना आपण सावध असावे.

आता आमच्या वयोवृद्ध धर्मबंधूंच्या मूळ प्रश्नाकडे येतो. त्यांची शंका निराधार नाही. अकरावे पायस यांनी १९३७ साली निरीश्वरवादी साम्यवादाचा स्पष्ट निषेध केला होता आणि तो निषेध ज्या कारणांसाठी होता ती कारणे, म्हणजे देवाचा इन्कार आणि व्यक्तीला समूहात बुडवणे, आजही आम्हांला मान्य आहेत. परंतु तेविसावे जॉन यांनी १९६३च्या ‘पाचेम इन तेरिस’ या परिपत्रकात एक महत्त्वाचा विवेक शिकवला: चुकीचे तत्त्वज्ञान वेगळे आणि त्यातून निघालेली ऐतिहासिक चळवळ वेगळी, चळवळीत न्याय्य आणि स्तुत्य अंश असू शकतात. सेमिनरीत हे वाक्य आम्ही परीक्षेपुरते पाठ केले. त्याचा अर्थ वारल्यांच्या कथेने कळला.

आणि तेरावे लिओ यांनी १८९१ साली ‘रेरुम नोव्हारुम’मध्ये मजुराच्या न्याय्य वेतनाविषयी जे शिकवले, त्याचा आवाज झरीच्या पाड्यावर आपल्या तोंडून का गेला नाही? बारा आणे मजुरी मागा असे सांगायला लाल बावट्यालाच का जावे लागले? पवित्र शास्त्रात तर हे सारे आधीच लिहिलेले आहे. नहेम्याच्या ग्रंथाचा पाचवा अध्याय उघडून पाहावा. दुष्काळात धान्यासाठी लोकांनी शेते व द्राक्षमळे गहाण टाकले, मुले-मुली गुलाम झाल्या, आणि सावकार होते त्यांचेच बांधव. नहेम्याने त्या सावकारांना सभेत बोलावून जमिनी परत करायला लावल्या. खावटी आणि लग्नगडी यांची याहून जवळची कथा सापडणार नाही. अध्याय आपल्याजवळ होता, पाडा त्यांच्याजवळ होता. दोहोंच्या मधली वाट चालायला फार थोडे निघाले.

थोडे तरी निघाले, हेही सांगितले पाहिजे. १९७८ साली डहाणूत जी कष्टकरी संघटना उभी राहिली तिच्या संस्थापकांत येशूसंघात घडलेली माणसे होती. १९८०च्या दशकाच्या अखेरीस वसईच्या हिरव्या पट्ट्यासाठी फादर फ्रान्सिस दिब्रिटो उभे राहिले. आणि झारखंडातील आदिवासींमध्ये आयुष्य वेचणारे येशूसंघी फादर स्टॅन स्वामी यांना ८ ऑक्टोबर २०२० रोजी अटक झाली. कंपवाताने हात थरथरत असल्याने पाणी पिण्यासाठी नळीचा पेला मिळावा म्हणून त्यांना न्यायालयाकडे अर्ज करावा लागला. आरोप त्यांनी नाकारले होते. ते सिद्ध होण्यापूर्वीच ५ जुलै २०२१ रोजी, वयाच्या ८४व्या वर्षी, वांद्रे येथील होली फॅमिली रुग्णालयात त्यांचे निधन झाले. मार्च २०१८ मध्ये नाशिकहून मुंबईपर्यंत सुमारे १८० किलोमीटर चालत आलेल्या शेतकऱ्यांत आदिवासी फार मोठ्या संख्येने होते आणि २००६च्या वनाधिकार कायद्याप्रमाणे कसत असलेली जमीन नावावर करा, हे त्यांचे मागणे होते. झरीच्या ठरावांना सत्तर वर्षे उलटून गेली होती. चालणाऱ्यांचे पाय सोलवटले होते.

कोणी म्हणेल, फादर, हे सारे ठाण्या-पालघरचे. रत्नागिरीशी याचा काय संबंध? आपल्या जिल्ह्यात आदिवासी शंभरांत दोनही नाहीत. खरे आहे. पण वेठ हा शब्द आपल्या मातीला अनोळखी नाही. हा खोतीचा मुलूख. १४ एप्रिल १९२९ रोजी चिपळूणला रत्नागिरी जिल्ह्यातील शेतकऱ्यांची परिषद डॉ. आंबेडकरांच्या अध्यक्षतेखाली भरली, १९३७ साली त्यांनी खोती नष्ट करण्याचे विधेयक मांडले आणि १० जानेवारी १९३८ रोजी मुंबईच्या विधिमंडळावर शेतकऱ्यांचा मोर्चा नेला. त्या मोर्च्याच्या पुढाऱ्यांत शामराव परुळेकरही होते. झरीची वाट कोकणच्या खोतीविरुद्धच्या लढ्यातून गेलेली आहे. खोती कायद्याने गेली ती स्वातंत्र्यानंतर.

आणि आजही चिऱ्याच्या खाणीवर, कोळशाच्या भट्टीवर, बागांच्या साफसफाईला येणारी कातकरी कुटुंबे आपण पाहतोच. पावसाळ्याच्या तोंडावर ‘उचल’ घ्यायची आणि हंगामभर ती फेडीत राबायचे, हा व्यवहार खावटीचा सख्खा भाऊ आहे. १९७६च्या कायद्याने वेठबिगारी गुन्हा ठरली. उचल मात्र नव्या नावाने चालू राहते. येथे आमची स्वतःची कबुली देणे भाग आहे. काही वर्षांपूर्वी एका धर्मग्रामात आम्ही आवाराचा गडगा बांधून घेतला. काम मुकादमाकडे दिले होते. एक कातकरी जोडपे आणि त्यांचा सात-आठ वर्षांचा मुलगा महिनाभर चिरे वाहत होते. आम्ही त्यांना चहा दिला, नाताळात मुलाला कपडे दिले. मुकादम त्यांना दिवसाला काय देतो आणि उचलीतले किती कापतो, हे आम्ही एकदाही विचारले नाही. गडगा उत्तम झाला. त्या जोडप्याची नावे आम्हांला माहीत नाहीत.

चांगले पुस्तक वाचकाला दुसऱ्याच्या पापाची यादी देऊन मोकळे करीत नाही. गोदावरी परुळेकरांच्या पुस्तकाचे आमच्या दृष्टीने हे सर्वांत मोठे यश. त्यातील विचारसरणीशी आमचा मतभेद आहे, त्यातील ‘आम्ही’ कधीकधी फार मोठा होतो, आणि वारल्याचा देव त्यात पुरता भेटत नाही. तरीही मराठी ख्रिस्ती कुटुंबांत ते वाचले जावे, शक्यतो मोठ्याने आणि मुलांसमक्ष, असे आम्हांला मनापासून वाटते.

आमच्या त्या धर्मबंधूंनी पुस्तक घरी नेले. तीन आठवड्यांनी परत आणून देताना ते म्हणाले, “फादर, माझा आजा खोताकडे वेठीला जायचा. घरात आम्ही हे कधी बोललो नाही. नातवंडांना तर ठाऊकच नाही.” पुढच्या बैठकीत ते त्याविषयी बोलणार आहेत. आमच्या मंडळाने आणखी एक गोष्ट ठरवली आहे. देवळाचे किंवा आपल्या बागेचे काम मुकादमाकडे देताना मजुरांची नावे विचारायची, उचल किती आहे ते विचारायचे आणि रोज मजुराच्या हाती पडतो की नाही ते डोळ्यांनी पाहायचे. ठराव लहान आहे. झरीला ठरले तेही चारच ओळींचे होते.